विहिरीतला टाइम स्टोन

आजचा भाग नामपूरहून, घराच्या ओट्यावर बसून रेकॉर्ड करतोय. मधे ट्रॅक्टर गेला तर सांभाळून घ्या.

गेल्या आठवड्यात भाचा एक दगड घेऊन आला. शेजारच्या मळ्यात विहिरीचं काम चालू आहे. सुरुंग उडाला की ढिगाऱ्यात असे दगड सापडतात. बाहेरून काळा, आत पोकळी, आणि पोकळीत फिकट गुलाबी पात्यांचे झुबके, मधे आवळलेल्या पेंढीसारखे. म्हणाला, "मामा, हाऊ टाइम स्टोन शे का?" म्हणजे तो डॉक्टर स्ट्रेंजच्या गळ्यातला. हात फिरवला की वेळ मागे.

मी हसलो. विचारलं, असला तर काय करशील? वाटलं, परीक्षेचं काहीतरी म्हणेल. तर म्हणाला, "सहा डिसेंबरला जाईन. पप्पांना सांगेन, सगळा कांदा आजच मार्केटला न्या."

माझं हसू तिथंच थांबलं.

बाहेरच्या ऐकणाऱ्यांसाठी सांगतो. ७ डिसेंबर २०२३ ला केंद्र सरकारने कांद्याची निर्यात बंद केली, दुसऱ्या दिवसापासून लागू. भाव कोसळले, जिल्ह्यात लिलाव बंद पडले, शेतकरी रस्त्यावर आले. बंदी उठली ४ मे २०२४ ला. आता कोणी म्हणेल, तोवर थांबायचं. पण डिसेंबरातला कांदा लाल. तो उन्हाळ कांद्यासारखा चाळीत महिनोन्‌महिने टिकत नाही. काढला की विकायचाच. आमच्या भाऊजींचा माल ८ तारखेनंतर गेला. पोरगं तेव्हा पाचवीत होतं. घरात कोणी त्याला काही समजावलं नव्हतं, तरी तारीख त्याच्या लक्षात आहे.

तर दगडाकडे येऊ. ते गुलाबी झुबके म्हणजे स्टिलबाइट, झिओलाइट जातीचं खनिज. आपला हा सगळा काळा पाषाण साधारण साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हाचा. लाव्हा थिजताना वायूचे बुडबुडे आत अडकले, पोकळ्या राहिल्या, पुढे पाझरणाऱ्या पाण्याने त्यात स्फटिक वाढवले. असले नग मांडून ठेवलेले बघायचे तर सिन्नरला गारगोटी संग्रहालयात जा. एक दिवस मोडा, पण जा.

पण वेळेशी नातं असलेला स्फटिक त्याच ढिगाऱ्यात पडला होता आणि भाच्याने तो फेकून दिला होता. साधी गारगोटी, म्हणजे क्वार्ट्झ. अंधारात दोन गारगोट्या घासून उजेड पाडलाय ना लहानपणी? तीच. १८८० मध्ये पिएर आणि झाक क्युरी या भावांनी दाखवलं की असे काही स्फटिक दाबले की त्यांच्यावर विजेचा भार तयार होतो. उलटंही होतं, वीज दिली की स्फटिक थरथरतो. भिंतीवरच्या सेलच्या घड्याळात चिमट्याच्या आकाराचा क्वार्ट्झचा बारीक तुकडा असतो, तो सेकंदाला ३२,७६८ वेळा थरथरतो. हा आकडा पंधरा वेळा निम्मा करत जा, बरोबर एक उरतो. म्हणजे एक सेकंद, काटा एक घर पुढे.

आता मजा ऐका. हा तुकडा साधारण २५ अंशांना सगळ्यात जोरात चालतो. त्याहून गरम झाला तर मंदावतो, गार झाला तरी मंदावतो. दिवसरात्र ४० अंशांत ठेवलेलं घड्याळ त्यामुळे महिन्याला सुमारे वीस सेकंद मागे पडतं. १० अंशांच्या थंडीतही तेवढंच. मोबाइलमध्ये हे कळत नाही, कारण तो नेटवर्कवरून वेळ दुरुस्त करून घेतो.

काळ खरोखर बदलतो तो वेगाने आणि गुरुत्वाकर्षणाने. जीपीएसच्या उपग्रहांवरची घड्याळं आपल्यापेक्षा दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे पळतात, ते धरूनच तुमचा मॅप चालतो. म्हणजे कमीजास्त वेगाने पुढे जाता येतं. ७ तारखेवरून ६ तारखेला नेणारं यंत्र कुणाकडे नाही. आणि हो, 'टाइम क्रिस्टल' नावाची गोष्ट विज्ञानात खरंच आहे. फ्रँक विल्चेक यांनी ती २०१२ मध्ये मांडली, २०१७ मध्ये प्रयोग छापून आले. पण ती म्हणजे अणूंची ठराविक तालात पुन्हा पुन्हा बदलणारी रचना, काळाला ती हात लावत नाही. तेव्हा रीलवर कोणी 'टाइम क्रिस्टल'चं लॉकेट विकत असेल तर पैसे खिशातच ठेवा. आमच्या ओळखीतल्या एकीने परीक्षेआधी घेतलं होतं, दीड हजाराचं. काच निघाली.

हे सगळं भाच्याला सांगितलं. तो बराच वेळ गप्प. मग म्हणाला, "म्हणजे मागे फक्त घड्याळच जातं."

हो म्हटलं. दुसरं काय म्हणणार!

संध्याकाळी त्याने एक जुनं घड्याळ चाळीच्या पत्र्याखाली टांगलं. प्रत्येक घड्याळाची मुळातली चूक वेगळी असते, म्हणून आता फेब्रुवारीत महिनाभर मोजायचं आणि मग मे महिन्यात तेच घड्याळ पुन्हा. रोज रात्री आठला मोबाइलशी ताडून कॅलेंडरवर सेकंद लिहितोय. काल भाऊजीही बॅटरी धरून उभे होते. आकडे जूनच्या भागात सांगतो.