गडाच्या गोष्टीत बाई कुठे आहे?

(सामुदायिक रेडिओवर झालेल्या भाषणाचा मजकूर)

आम्ही लोणी भापकरच्या बचत गटातल्या बाया बोलतोय. हातातलं काम सोडू नका. भाकरी थापता थापता ऐकलंत तरी चालेल. आज कर्ज-हप्त्याचं काही नाही, आज गोष्टीविषयी बोलायचंय.

मागल्या शिवजयंतीला आमच्या इथल्या पोरांनी तानाजी मालुसऱ्यांचं नाटक बसवलं. आमच्यातल्या एकीची सातवीतली लेक म्हणाली, मला पण काम द्या. पोरं म्हणाली, "यात बाईचं काम एकच. उदेभानानं डांबून ठेवलेली राणी. तिनं नुसतं रडायचं." पोरगी हिरमुसली. घरी येऊन आईला विचारलं, "आई, त्या गोष्टीत खरंच दुसरी बाई नव्हती का?"

आईला उत्तर देता येईना. तिनं गटाच्या बैठकीत विचारलं, आम्हालाही येईना. तानाजी सगळ्यांना माहीत, घोरपड माहीत, शेलारमामा माहीत. पण ही राणी कोण, कुठून आली, कुणाला ठाऊक? मग आम्ही जाणत्यांना विचारलं, पुस्तकं मागवली, एकीनं वाचायची आणि बाकीच्यांनी ऐकायची असं ठरवलं. त्यातून जे हाती लागलं ते तुम्हाला सांगतो.

आधी घडलं काय ते बघू. 1665 साली पुरंदरचा तह झाला. त्यात महाराजांना 23 किल्ले मोगलांना द्यावे लागले. कोंढाणा त्यातलाच. 4 फेब्रुवारी 1670 च्या रात्री तानाजी मालुसऱ्यांनी तो परत घेतला आणि तिथंच ते पडले. मोगलांकडून किल्लेदार उदेभान राठोड होता, तोही पडला. एवढं पक्कं.

या लढाईची जुनी हकिगत सभासदाच्या बखरीत आहे. कृष्णाजी अनंत सभासदांनी ती 1697 साली लिहिली, म्हणजे लढाईनंतर सत्तावीस वर्षांनी. तिथं गोष्ट अगदी थोडक्यात आहे. पाचशे माणसं घेऊन तानाजी गेले, दोन धाडसी मावळे रात्री कडा चढले, लढाई झाली. तिथं घोरपड नाही, सोंगट्यांचा डाव नाही, डांबून ठेवलेली राणीही नाही. आणखी एक ऐकून आम्ही चकित झालो. गडाला सिंहगड हे नाव तानाजी पडल्यावर मिळालं असं आपण सांगतो. पण लढाईच्या आधीच्या कागदांतही ते नाव सापडतं.

मग घोरपड आली कुठून? शाहीर तुलसीदासाच्या पोवाड्यातून. गोंधळी आणि शाहीर हा पोवाडा गावोगाव गात. 1891 साली ॲक्वर्थ नावाचे इंग्रज अधिकारी आणि शंकर तुकाराम शाळिग्राम यांनी असे पोवाडे गोळा करून छापले. पुस्तकाचं नाव लक्षात ठेवा: "इतिहासप्रसिद्ध पुरुषांचे व स्त्रियांचे पोवाडे". 'व स्त्रियांचे', असं नावातच आहे.

आता तुलसीदासाची गोष्ट कुठून सुरू होते ते ऐका. ती तानाजीपासून सुरू होत नाही, जिजाऊंपासून होते. जिजाऊ प्रतापगडावर केस विंचरत बसल्यात. खिडकीतून लांबवर कोंढाणा दिसतो. त्या लगोलग शिवाजीराजांना बोलावणं धाडतात. राजे आल्यावर दोघांचा सोंगट्यांचा डाव रंगतो. आई जिंकते आणि जिंकल्याचं काय मागते? कोंढाणा. पोराच्या लग्नाची तयारी टाकून तानाजी निघतात ते त्यानंतर.

म्हणजे या पोवाड्यात सगळ्या कामाची सुरुवात एका सत्तरीतल्या बाईच्या निर्णयानं होते. ती कुणी सोडवायची म्हणून बसलेली नाही. तिला काय हवंय ते तिला ठाऊक आहे.

डाव खरंच झाला का? तसा पुरावा नाही. अभ्यासक पोवाड्याला जसाच्या तसा इतिहास मानत नाहीत, आणि ते बरोबरच आहे. शाहीर उदेभानाला राक्षसासारखा रंगवतो, त्याच्या मस्त हत्तीचं वर्णन करतो. ऐकणाऱ्यानं दाद द्यावी म्हणून ते असतं. पण शाहिरानं गोष्ट कुठून सुरू करायची ते ठरवलं, आणि त्यानं आईपासून सुरू केली. हे मात्र आपल्यासमोर आहे.

मग ती राणी? ती आली 1903 च्या सुमारास, हरि नारायण आपट्यांच्या "गड आला पण सिंह गेला" या कादंबरीतून. कादंबरीच्या सुरुवातीला कमलकुमारी नावाची रजपूत बाई सती जायला निघालेली असते. उदेभान तिला पकडतो आणि पुढं कोंढाण्यावर आणून ठेवतो. तिला सोडवायचं, हा गोष्टीतला एक मोठा धागा होतो. ही बाई आपट्यांनी गोष्टीसाठी घडवली. आपटे स्त्रियांच्या दुःखावर पोटतिडकीनं लिहिणारे होते, विधवेचे हाल त्यांनी दुसऱ्या कादंबरीत मांडलेत. त्यांना नावं ठेवायची नाहीत. पण कादंबरी गाजली. तिच्यावरून बाबूराव पेंटरांनी 1923 साली मूकपट काढला, 1933 साली व्ही. शांतारामांनी बोलपट काढला. 2020 च्या "तान्हाजी" सिनेमातही उदेभानाच्या कैदेतली कमल आहेच. म्हणजे आमच्या पोरांनी नाटकात घेतलेली राणी जेमतेम सव्वाशे वर्षांची. आणि पोवाड्यातली डाव मांडणारी आई? तिला पोरं विसरून गेली.

हे आपल्याकडेच होतं असं नाही. इंग्लंडातही आर्थर राजा आणि त्याच्या सरदारांच्या जुन्या वीरकथा आहेत. 1485 साली त्यांचं मोठं पुस्तक छापलं गेलं आणि तेव्हापासून दर पिढी त्या नव्यानं सांगते. त्यातही कैदेतल्या बाया पुष्कळ. पण एक गोष्ट वेगळी आहे, साडेपाचशे वर्षांपूर्वीची. ती एकाच जुन्या हस्तलिखितात टिकली, त्याचंही एक पान हरवलंय.

आर्थर राजा शिकारीला जातो आणि एकटा वैऱ्याच्या तावडीत सापडतो. वैरी म्हणतो, "बाईला सगळ्यात जास्त काय हवं असतं, ते वर्षभरात सांग. नाहीतर डोकं उडवीन." राजा आणि त्याचा सरदार गवेन देशभर विचारत फिरतात. कुणी म्हणतं दागिने, कुणी म्हणतं गोड बोलणं. पोथीभर उत्तरं जमतात, एकही पटत नाही. शेवटी रॅग्नेल नावाची एक अतिशय कुरूप बाई भेटते. ती म्हणते, "उत्तर मी देते, पण गवेनानं माझ्याशी लग्न करायचं." गवेन राजासाठी तयार होतो. तिचं उत्तर असं: बाईला स्वतःच्या गोष्टीत स्वतःची सत्ता हवी असते. राजा वाचतो. लग्न लागतं. रात्री गवेन बघतो तर बायको सुंदर झालेली. ती म्हणते, "माझ्यावर जादू आहे. दिवसा सुंदर राहू की रात्री? तू ठरव." गवेन विचार करतो आणि म्हणतो, "तूच ठरव." तेवढ्यानं जादू सुटते आणि ती रात्रंदिवस सुंदर राहते.

ही गोष्ट वाचली तेव्हा आमच्यात बराच वेळ कुणी बोललं नाही. मग एक आक्का म्हणाल्या, "माझ्या लग्नात मला कुणी विचारलं नाही, आणि लेकीच्या लग्नात मीच तिला विचारलं नाही." दुसरी म्हणाली, "सुंदर झाली म्हणून गोड शेवट. कुरूपच राहिली असती तर?" तिचंही खरंच. जुनी गोष्ट आपल्याला सगळं देत नाही. पण ती हरवू दिली नाही म्हणून आपल्याला हा प्रश्न तरी विचारता आला. अभ्यासकांनी ती हस्तलिखितातून छापली, मग लोकांनी नव्यानं सांगितली. 1985 साली तर लहान मुलांसाठी चित्रांच्या पुस्तकातही आली.

म्हणून मैत्रिणींनो, आमचं सांगणं एवढंच. गोष्ट नव्यानं सांगणं हा गुन्हा नाही. तुलसीदासानं सांगितली, आपट्यांनी सांगितली, सिनेमावाल्यांनी सांगितली. पण सांगणारा दर वेळी काहीतरी ठेवतो आणि काहीतरी गाळतो. मोबाइलवर एखादी वीरकथा "खरा इतिहास" म्हणून आली की पुढं ढकलायच्या आधी तीन प्रश्न विचारायचे. ही कुणी आणि कधी सांगितली? जुन्या कागदात यातलं किती आहे? आणि यात बाई कुठे आहे, ती ठरवते की तिच्याबद्दल दुसरेच ठरवतात?

तुमच्या गटाच्या पुढच्या बैठकीत हे करून बघा. प्रत्येकीनं तानाजीची गोष्ट आपल्या आजीनं सांगितली तशी सांगायची. कुणाच्या गोष्टीत जिजाऊ येतात, कुणाच्या नाही, ते मोजा. म्हाताऱ्या बायांना आधी बोलू द्या. त्यांच्याकडची गोष्ट कुठं छापलेली नसते. शाळेतल्या पोरीला वही घेऊन बसवा, ती लिहून घेईल.

आणि त्या सातवीतल्या पोरीचं काय झालं? आम्ही तिला सगळं सांगितलं. पोरांशीही बोललो. ती म्हणाली, पुढच्या वर्षी सोंगट्यांचा डाव नाटकात घेऊ. आम्ही म्हटलं, "मग तू जिजाऊ होणार तर!" तर म्हणते कशी, "जिजाऊंचं काम दुसरीला द्या. मला शाहीर व्हायचंय. गोष्ट मी सांगणार."

तिला डफ मिळवून द्यायचं आम्ही ठरवलंय. रामराम.