काड्यांना जीव देणारा कथाकार

जपानी चलत्चित्रे आज आपल्या मुलांना घरोघरी ठाऊक आहेत. चलत्चित्रांची पटकथा लिहिणे हा तेथे एक स्वतंत्र व्यवसायच आहे. हे ऐकून वर्गातील एका मुलाने मला विचारले, "सर, आपल्याकडे असे कोणी केलेच नाही का?" त्याला जे उत्तर दिले तेच आज आपणांस सांगतो.

असे करणाऱ्या पहिल्या माणसाचे शिक्षण आपल्या सुरतेहून फार दूर नसलेल्या वडोदऱ्यास, कलाभवनात झाले. धुंडिराज गोविंद फाळके हे त्यांचे नाव. जन्म १८७० सालचा, त्र्यंबकेश्वरचा. पुढे गोध्र्यास त्यांनी छायाचित्रकाराचा धंदा मांडला. परंतु तेथे प्लेगने पहिली पत्नी व मूल हिरावून नेले. मुद्रणाचा व्यवसायही भागीदारांशी मतभेद होऊन सुटला. चाळिशीच्या उंबरठ्यावरील हा गृहस्थ त्या वेळी जवळजवळ निष्कांचन होता.

अशा स्थितीत मुंबईस त्यांनी ख्रिस्तचरित्रावरील एक चित्रपट पाहिला. पडद्यावर प्रभू येशूची लीला चालू असता त्यांच्या मनश्चक्षूंपुढे श्रीकृष्ण व श्रीराम उभे राहिले. आमच्या प्रभूच्या चरित्राने दुसऱ्या एका भाविकास त्याच्या स्वतःच्या दैवतांची आठवण करून द्यावी, याचा मला ख्रिस्ती म्हणून आनंदच वाटतो.

१९१२ साली विम्याच्या पॉलिसीवर कर्ज काढून ते लंडनला गेले व कॅमेरा घेऊन आले. भांडवल मात्र नव्हते. तेव्हा त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला, कॅमेरा त्यापुढे ठेवला आणि ठरावीक वेळाने एकेक चित्र टिपीत महिन्याहून अधिक काळ वाट पाहिली. पडद्यावर तो अंकुर बघता बघता वाढला, आणि सावकाराची खात्री पटली. त्यातूनच ३ मे १९१३ रोजी 'राजा हरिश्चंद्र' लोकांपुढे आला. त्याची पटकथा फाळक्यांनी स्वतःच लिहिली होती. पत्नी सरस्वतीबाई फिल्मला भोके पाडीत, ती धूत आणि सर्व मंडळींचा स्वयंपाकही करीत.

पुढे १९१५च्या सुमारास त्यांनी 'आगकाड्यांची मौज' केली. काडी किंचित हलवावयाची, एक चित्र घ्यावयाचे, पुन्हा हलवावयाची! मूकपटात सेकंदाला सुमारे १६ चित्रे धरली, तर एका मिनिटासाठी हजाराच्या आसपास चित्रे लागतात. येथे नट नाही, संवाद नाही. कोणत्या काडीने केव्हा हलावे, हे आधी मनात लिहिलेले असेल तरच गंमत साधते.

१९४४ साली नाशिकला त्यांचे निधन झाले, तेव्हा त्यांच्या वाट्यास वैभव उरले नव्हते.

माझ्या विद्यार्थ्यांना मी एवढेच सांगितले: कुंडीत एक वाटाणा पेरा, रोज वहीच्या एका पानावर त्याचे चित्र काढा आणि महिन्याने पाने भरभर उलटा. आतापर्यंत अकराजणांनी वाटाणे पेरले आहेत.