बारा वर्षांचा ताबा आणि कोर्टाची मनाई



आज जमिनीच्या तंट्याविषयी चार गोष्टी सांगायच्या आहेत. गावात एक बोलणं नेहमी ऐकू येतं. "बारा वर्षं ताबा आहे, आता जमीन आमचीच." दुसरंही ऐकू येतं. "कोर्टातून मनाई आणली, म्हणजे जमीन जिंकली." ही दोन्ही बोलणी अर्धवट आहेत. अर्धवट माहितीनं भावाभावांत वैर येतं. घरं बुडतात.

समजा, दोन सख्खे भाऊ आहेत. थोरला सखाराम, धाकटा बाळू. वडिलांचं चार एकर रान. सात-बारावर दोघांची नावं. बाळू पोटासाठी मुंबईला गेला. जाताना म्हणाला, "दादा, रान तुम्ही बघा." सखारामनं पंधरा वर्षं रान कसलं. मग बाळू परत आला. म्हणाला, "दादा, माझी वाटणी द्या." तेव्हा सखारामचा पोरगा म्हणाला, "काका, बारा वर्षं उलटली. तुमचा हक्क संपला."

पोराचं म्हणणं बरोबर आहे का? नाही.

मुदतीचा कायदा १९६३ सालचा आहे. त्यात १२ वर्षांची मुदत आहे, हे खरं. सरकारी जमिनीला ती ३० वर्षांची आहे. पण नुसता ताबा पुरत नाही. तो उघड पाहिजे. सलग पाहिजे. मालकाच्या विरुद्ध पाहिजे. "ही जमीन माझी, तुझा संबंध नाही," असं मालकाला कळलं पाहिजे, आणि तरी तो १२ वर्षं गप्प बसला पाहिजे. हे सगळं शाबीत करायचं ओझं ताबा सांगणाऱ्यावर असतं. ते शाबीत झालं, तर तो माणूस स्वतःही दावा लावू शकतो. सर्वोच्च न्यायालयानं २०१९ साली तसं सांगितलं आहे.

सखाराम मात्र भावाच्या सांगण्यावरून रान बघत होता. सामाईक जमिनीत एकाचा ताबा तो सगळ्यांचा ताबा धरतात. परवानगीचा ताबा कितीही वर्षं चालला, तरी त्यातून मालकी येत नाही. गोव्यातल्या एका घराचा खटला असाच होता. घर बहिणीचं, राहत होता भाऊ. २०१२ साली सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं, की सांभाळ करायला ठेवलेला नोकर किंवा नातेवाईक वर्षानुवर्षं राहिला, म्हणून त्याला हक्क मिळत नाही.

आता मनाईचं बघू. बाळूच्या कानावर आलं, की दादा रान परक्याला विकणार. त्यानं काय करावं? काठी घ्यावी का? मुळीच नाही. त्यानं दिवाणी कोर्टात वाटपाचा दावा लावावा. त्यातच अर्ज करावा, की निकाल लागेपर्यंत रान विकायला मनाई करा.

कोर्ट तीन गोष्टी बघतं. अर्जदाराच्या म्हणण्यात सकृद्दर्शनी दम आहे का? मनाई दिली तर आणि नाही दिली तर, जास्त अडचण कोणाची होईल? आणि होणारं नुकसान पुढं पैशानं भरून निघेल का? हे पटलं तर कोर्ट तूर्त मनाई देतं. कधी "जैसे थे" ठेवा म्हणतं. म्हणजे आज जे जसं आहे, ते तसंच राहू द्यायचं.

ही मनाई म्हणजे बैलाला घातलेलं दावं. बैल कोणाचा, ते दाव्यानं ठरत नाही. मालकी ठरते ती पुरावा होऊन, शेवटच्या निकालात. पण मनाई मोडू नका. मोडणाऱ्याची मालमत्ता जप्त होऊ शकते. ३ महिन्यांपर्यंत दिवाणी तुरुंगही होऊ शकतो.

आणखी एक. मालक झाला तरी त्यानं दांडगाईनं कोणाला हुसकावू नये. कायदा सोडून कोणाला काढलं, तर त्यानं ६ महिन्यांच्या आत दावा लावावा. त्या दाव्यात मालकी बघत नाहीत. ताबा कोणाचा होता, एवढंच बघतात.

तेव्हा मंडळी, एवढं करा. दरसाल सात-बारा काढून वाचा. तो पुरावा आहे, पण त्यानंच मालकी ठरते असं नाही. म्हणून फेरफार, खरेदीखत, वाटणीपत्र, मोजणीचा नकाशा, सारा भरल्याच्या पावत्या जपून ठेवा. रान कोणाला बघायला दिलं, तर कागदावर लिहून दोघांच्या सह्या घ्या. भाऊ असला तरी घ्या. कोणी तुमचा हक्क नाकारू लागला, तर वर्षं मोजत बसू नका. लगेच हालचाल करा.

वकिलाला पैसे नसले, तर तालुका विधी सेवा समितीकडे जा. बायाबापड्यांना, अनुसूचित जाती-जमातींच्या लोकांना आणि कमी उत्पन्नाच्या माणसांना तिथं फुकट वकील मिळतो. तडजोड होत असेल, तर लोकअदालतीत करा. तिथला निवाडा पक्का असतो. त्यावर अपील नाही.

आता आपल्याला अक्षर आलं आहे. अंगठा उठवायचे दिवस गेले. वाचल्याशिवाय कोणत्याही कागदावर सही करू नका.