मानीव दिनांक म्हणजे काय?
(विहाराच्या वर्धापनदिनी केलेले भाषण)



मला बढतीच्या कोर्टकचेऱ्यांवर बोलायला सांगितले आहे. विषय रुक्ष आहे. पण आपल्या वस्तीत नोकरदार नाही असे घर विरळाच, आणि माझी उभी नोकरी आस्थापनेच्या टेबलावर गेली, म्हणून उभा राहिलो.

आपल्याला डावलून मागचा माणूस वर गेला आणि पुढे कधीतरी ती चूक मान्य झाली, तर आपली बढती कोणत्या तारखेपासून धरायची? साधारणपणे त्या कनिष्ठाला मिळाली त्या तारखेपासून. हाच मानीव दिनांक. १९८२ च्या ज्येष्ठता नियमांमुळे हा शब्द कचेऱ्यांत रुळला. लोक म्हणतात, रिटायरमेंट तोंडावर आली, आता नुसती तारीख घेऊन काय करू? अहो, त्या तारखेवरून वेतननिश्चिती होते, त्यावर पेन्शन, आणि माणूस गेल्यावर घरच्या बाईला मिळणारे कुटुंब निवृत्तिवेतनही त्यावरच. माय-बहिणींनो, म्हणून हे तुम्हीही ऐका.

थकबाकीचे मात्र वेगळे आहे. वरच्या पदाचे काम केले नाही तर त्या काळाचा फरक नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८९ मध्ये म्हटले. १९९१ मध्ये, चौकशीतून पूर्ण निर्दोष सुटलेल्यांच्या बाबतीत, त्याच न्यायालयाने सांगितले की माणूस काम करायला तयार होता, कचेरीनेच त्याला दूर ठेवले, तर 'काम नाही, पगार नाही' हे त्याला सरसकट लावता येणार नाही. म्हणून अर्जात तारीख आणि थकबाकी दोन्ही स्पष्ट मागा.

आता आपली माणसे जिथे हरतात ते सांगतो. उशीर! तामिळनाडूच्या एका कर्मचाऱ्याला १९५७ मध्ये डावलले, तो चौदा वर्षांनी कोर्टात गेला. १९७४ मध्ये सर्वोच्च न्यायालय म्हणाले, सहा महिन्यांत, फार तर वर्षभरात यायला हवे होते. आपल्याकडे राज्य कर्मचाऱ्यांसाठी १९९१ मध्ये मॅट सुरू झाले. तिथे अंतिम आदेशापासून एक वर्ष. अर्जाला उत्तरच आले नाही तर सहा महिने वाट पाहायची, त्यानंतर एक वर्ष. "साहेबांनी तोंडी सांगितलंय, होईल" म्हणून कित्येकजण बसून राहतात, मग पुन्हा अर्ज, पुन्हा स्मरणपत्र. जुन्या मागणीच्या अर्जाला कचेरीने उत्तर दिले म्हणून मेलेली मुदत जिवंत होत नाही, हे २००८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्पष्टच केले आहे. तात्पुरती ज्येष्ठता यादी लागली की त्याच मुदतीत लेखी हरकत द्या, आवक शिक्क्याची पोच घ्या. आणि ज्याच्यावर जायचे आहे त्या कनिष्ठाला प्रतिवादी करा, तो ओळखीचा असला तरी. हे जड जाते, मला माहीत आहे.

आपल्या आरक्षणाची गोष्टही तारखांचीच आहे. ७७ व्या घटनादुरुस्तीने १९९५ मध्ये बढतीतील आरक्षणाला आधार दिला. ८५ वी २००१ मध्ये झाली, पण ती १७ जून १९९५ पासून मागे लागू केली. म्हणजे संसदेनेच ज्येष्ठता मागच्या तारखेने दिली! राज्यात २५ मे २००४ चा शासन निर्णय निघाला. उच्च न्यायालयाने तो २०१७ मध्ये रद्द केला, प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले, आणि ७ मे २०२१ च्या शासन निर्णयाने पदे २५ मे २००४ च्या ज्येष्ठतेवर भरायचे ठरले. सतरा वर्षांमागची यादी पुन्हा कामाला आली. जुन्या याद्या रद्दीत देऊ नका, त्या याचसाठी.

दार कोणते, तेही पाहा. राज्य कर्मचाऱ्याने आधी मॅट, मग खंडपीठ. १९८१ पूर्वी मराठवाड्याला मुंबई गाठावी लागे, आता खंडपीठ जालना रोडवर आहे. जिल्हा परिषदवाल्यांनी रिट घेऊन थेट तिथेच जावे. खाजगी शाळेतल्या शिक्षकाला बढतीत डावलले तर शाळा न्यायाधिकरण, आणि तिथे मुदत फक्त ३० दिवस!

ज्यांच्या कचेरीत सध्या तात्पुरती यादी लागली असेल त्यांनी वंदनेनंतर थांबावे. पुढच्या वेळी येताना सेवापुस्तकाची झेरॉक्स आणावी. जयभीम.