‘लढाऊ’ कोण, हे कोणी ठरवले?



दरवर्षी १ जानेवारीला आपण भीमा कोरेगावच्या स्तंभाला वंदन करतो. १८१८ च्या लढाईत पडलेल्या शिपायांची नावे त्यावर आहेत. त्यांतील कित्येकांच्या शेवटी ‘नाक’ आहे. ते महार शिपाई. ज्या सरकारने ही नावे कोरली, त्याच सरकारने १८९२-९३ च्या सुमारास महारांची लष्करभरती बंद केली.

१८५७ नंतर इंग्रजांनी हिंदी लोकांची ‘लढाऊ’ आणि ‘बिगरलढाऊ’ अशी वाटणी केली. सरसेनापती लॉर्ड रॉबर्ट्स यांच्या मते शौर्य शीख, गुरखा, पठाण यांच्यात; दक्षिणेकडचा शिपाई मऊ. शिवाय स्पृश्य शिपायांना अस्पृश्य सुभेदार नको होता, हेही होतेच. सुभेदार रामजी सकपाळ लष्करी शाळेत शिकवीत. त्यांच्या घरी बाबासाहेब घडले. पुढच्या मुलांना ती वाट उरली नाही.

गोपाळबाबा वलंगकरांनी १८९४ मध्ये अर्ज लिहिला, शिवराम जानबा कांबळे यांनी १९१० मध्ये. वलंगकर स्वतः लष्करातले. तरी ‘आम्ही मूळचे क्षत्रिय’ असे त्यांना मांडावे लागले. साहेबाच्याच मापाने स्वतःला मोजून दाखवावे लागले, हे आम्हाला भरतीबंदीहून अधिक बोचते.

पहिल्या महायुद्धात माणसे कमी पडली, तेव्हा १९१७ मध्ये १११ वी महार पलटण निघाली. गरज सरली, १९२१ मध्ये ती मोडली. दुसऱ्या महायुद्धात, १९४१ साली, बेळगावला महार रेजिमेंट उभी राहिली.

आपल्यापैकी कोणाच्या पेटीत पणजोबांचे पेन्शनचे कागद वा बिल्ले असतील, तर ते रद्दीत घालू नका. विद्यार्थ्यांनी ते वाचून उतरवून घ्यावेत.