नजरबंदी

गारुड्याच्या खेळाला गर्दी जमली की मागून एखादा म्हातारा हमखास म्हणायचा, ‘‘खरं काही नाही रे त्यात, त्यानं नजरबंदी केलीय.’’ गारुडी मंत्र पुटपुटतो आणि पन्नास माणसांना एकदम नसलेली वस्तू दिसू लागते, अशी ही समजूत. कल्पना मोठी देखणी आहे आणि जुनीही. ब्रह्मसूत्रांवरच्या भाष्यात शंकराचार्यांनी अशाच एका मायावी पुरुषाचा दाखला दिला आहे. ढाल-तलवार घेऊन तो दोरावरून आकाशात चढताना दिसतो. खरा मायावी मात्र जमिनीवरच उभा असतो.

मी हौशी जादूगार. चाकणच्या एका कारखान्यातली नोकरी सांभाळून गणेशोत्सवात आणि कामगार वसाहतींत खेळ करतो. आमचा पट्टा जादूला परका नाही बरं का! जादूगार रघुवीर, म्हणजे रघुवीर भोपळे, मूळचे चाकणजवळच्या आंबेठाणचे. जगभर हिंडले, ‘प्रवासी जादूगार’ हे पुस्तक लिहिले. १९८४ साली ते गेले. पुढे मुलाने आणि नातवाने खेळ चालू ठेवला.

आता नजरबंदीचे खरे स्वरूप सांगतो. उजव्या हातातले नाणे डाव्या हातात दिल्यासारखे करायचे आणि आपण स्वतः डाव्या मुठीकडे पाहायचे. बस्स! प्रेक्षक तुमच्या हाताकडे नंतर बघतो, आधी तुमच्या डोळ्यांकडे बघतो. त्यातच एखाद्या पोराला विचारावे, ‘‘काय रे, कितवीत आहेस?’’ तो उत्तर देऊ लागला की सगळी गर्दी त्याच्याकडे वळते. तेवढ्या सेकंदात उजवा हात खिशात जाऊन येतो. डोळे सगळ्यांचे उघडेच असतात. लक्ष तेवढे दुसरीकडे नेलेले असते.

सायमन्स आणि शाब्री या अमेरिकेतल्या दोन मानसशास्त्रज्ञांनी १९९९ साली याचा एक गमतीदार प्रयोग प्रसिद्ध केला. चेंडू एकमेकांकडे टाकणाऱ्या खेळाडूंची चित्रफीत लोकांना दाखवली आणि चेंडू किती वेळा फेकला ते मोजायला सांगितले. मध्येच गोरिलाचा वेश केलेली व्यक्ती खेळाडूंमधून चालत गेली. पाहणाऱ्यांपैकी निम्म्यांना ती दिसलीच नाही! आमच्या कारखान्यांना हे वेगळ्या वाटेने ठाऊक आहे. नुसत्या नजरेने माल तपासणाऱ्यावर सगळी भिस्त ठेवायची नाही. सुटा भाग उलटा बसणारच नाही असा साचा करायचा. जपान्यांचा ‘पोका-योके’ हा शब्द इथल्या शॉप फ्लोअरवर त्यातूनच आला.

हे सगळे आज सांगायचे कारण वेगळे आहे. निगडी, सांगवी, भोसरी, कुठलाही भाग घ्या, तोतया पोलिसांची बातमी आपण वाचलेली असते. सकाळी फिरायला निघालेल्या बाईंना मोटारसायकलवरचे दोघे अडवतात. ‘‘आजी, पुढे चोरी झालीय, तपासणी चालू आहे, दागिने काढून ठेवा.’’ तेवढ्यात तिसरा एक वाटसरू येतो आणि निमूटपणे स्वतःची साखळी काढून देतो. तो त्यांचाच माणूस. आमच्या धंद्यात त्याला जमुरा म्हणतात. दागिन्यांची कागदात पुडी होते, पिशवीत जाते. घरी पुडी उघडावी तर आत खडे.

आमच्या सोसायटीतल्या एका मावशींच्या बांगड्या अशाच गेल्या. घरचे विचारत होते, ‘‘तुझी अक्कल कुठं गेली होती?’’ आणि मावशींचे एकच पालुपद, ‘‘नजरबंदी केली हो मेल्यांनी, मला काही आठवत नाही.’’ एकदा नजरबंदी झाली म्हटले की पुढे आठवायचे तरी काय? रुमालावर भुलीचे औषध होते, असेही एकाने सुचवले. मला ते पटेना. त्यांची हातचलाखी मी दर गणेशोत्सवात करतो, त्याला औषध लागत नाही.

मी त्यांच्याजवळ बसलो. ‘‘मावशी, पुडी कोणी बांधली?’’

‘‘त्या जाड्यानं. माझ्यासमोरच.’’

‘‘पिशवीत कोणी ठेवली?’’

‘‘मीच... नाही. त्यानं परत मागितली होती. म्हणाला, गाठ नीट बसली नाही.’’

‘‘तेव्हा तुम्ही कुठं बघत होता?’’

‘‘दुसऱ्यानं कार्ड दाखवलं ना, त्याच्यावरचं नाव वाचत होते.’’

चष्मा नसताना नाव वाचायला लावायचे! मनात म्हटले, काय नेमकी वेळ साधली आहे. वीस मिनिटांत मावशींना एकेक गोष्ट क्रमाने आठवत गेली. खरा पोलीस रस्त्यात दागिने काढून पुडीत बांधायला सांगत नाही, हे त्यांना आता मुद्दाम सांगावे लागले नाही. शेजारणींना ते त्याच सांगत सुटल्या आहेत.

त्यांची पहिली तक्रार चार ओळींची होती. दुसऱ्या दिवशी चौकीवर जाऊन त्यांनी पुरवणी जबाब दिला, तो दोन पानांचा झाला. त्यात मोटारसायकलचा रंग आहे, कार्डाची फीत निळी होती हे आहे आणि पुडी दोनदा हाताळली गेली हेही आहे.

(आकाशवाणीवरील भाषणाचा संपादित अंश)