माळ्यावरचं इरलं



आज बोलायचं आहे ते अडगळीविषयी. हसू नका! सणाच्या तोंडावर माळा झाडायला काढला की गळकी घागर, गंजलेला कंदील, बिनदांड्याचा विळा असं कितीतरी खाली येतं. भंगारवाला तागडीत घालतो, पैसे देतो नि जातो. पैसे मिळाले ते लोखंडाचे. त्या वस्तूमागच्या शहाणपणाचं मोल कोणी केलं?

पुण्याच्या दिनकर गंगाधर केळकरांनी (१८९६–१९९०) ते केलं. 'अज्ञातवासी' या नावानं ते कविता लिहीत. सुमारे १९२० पासून त्यांनी दिवे, अडकित्ते, वजऱ्या, दौती अशा घरगुती वस्तू जमवायला सुरुवात केली. पत्नी कमलाबाईंची त्यांना साथ होती. बालपणीच गेलेल्या त्यांच्या मुलाच्या नावानं आज 'राजा दिनकर केळकर संग्रहालय' उभं आहे. त्यात वीस हजारांवर वस्तू आहेत.

पण त्यासाठी पुण्यालाच जायला हवं असं नाही. आंबेगाव तालुक्यात, सह्याद्रीच्या ऐन कड्यावर आहुपे गाव आहे. तिथला पाऊस काय सांगावा! अशा मुलखात भातलावणीला इरलं हवंच. बांबूच्या कामट्या नि पानं यांचं हे छप्पर पाठीवर घेतलं की वाकून काम करता येतं, अन् दोन्ही हात मोकळे! छत्रीला हे जमेल का? प्लॅस्टिकचा कागद आला आणि इरलं माळ्यावर गेलं. मापांचंही तसंच. १९५८ पासून दशमान पद्धत आली. दोन चिपट्यांचं मापटं, दोन मापट्यांचा शेर, चार शेरांची पायली, हे आता किती मुलांना ठाऊक आहे?

इरलं कुजेल, पायली विकली जाईल. पण ते विणणारा म्हातारा गेला, की विणायची रीतही त्याच्याबरोबर जाते. नुसती वस्तू राहिली, तर उद्या तिचं नावसुद्धा कोणी सांगणार नाही.

म्हणून गुरुजी, एक वही घाला. मुलांनी घरच्या आजीला चारच गोष्टी विचाराव्यात: हिचं नाव काय, कशाची केली, कोणी केली, कशी वापरायची? जवळ चित्र काढावं. वापरातली किंवा देव्हाऱ्यातली वस्तू मागू नये. ती घरीच राहू द्या, शाळेत फक्त तिची माहिती येऊ द्या.

आणि मायबापहो, पुढच्या वेळी भंगारवाला दारात आला, तर त्याला घटकाभर थांबवा. आधी आजीला हाक मारा.